मामांची छाती आणि शेवटचा एस

आमच्या पुतणीला पुण्यात नोकरी लागली, तेव्हा वहिनीनं निम्म्या जळगावला पेढे वाटले आणि विचारेल त्याला सांगितलं, "मेडिकल कोडिंग करते." बहुतेकांना वाटलं, मुलगी कॉम्प्युटर इंजिनिअर झाली. एका आत्याबाईंनी मात्र आवाज खाली आणून विचारलं, "कोड? अगंबाई, कुठं उठलंय?" पुढचा आठवडा आम्ही 'तिला कोड नाही, ती दुसऱ्यांना देते' असं समजावत फिरलो. त्यानं प्रकरण अधिकच बिघडलं. (त्या कोडालाही कोड आहे, एल ८०. आत्याबाईंना तो मी अजून सांगितलेला नाही.)

काम असं, की अमेरिकेतल्या डॉक्टरनं रोग्याबद्दल जे खरडलं असेल ते वाचायचं आणि प्रत्येक दुखण्याला अक्षर-आकड्यांची चिठ्ठी लावायची. चिठ्ठी चुकली की विमा कंपनी पैसे अडवते. या याद्यांचं मूळ पॅरिसच्या बर्तिलाँ नावाच्या आकडेतज्ज्ञात. त्यानं १८९३ साली मरणाच्या कारणांची यादी मांडली. १९४८ पासून ती जागतिक आरोग्य संघटनेकडे आहे. २०२२ च्या जानेवारीपासून अकरावी आवृत्ती लागू झाली, पण अमेरिका अजून दहावीवरच, तीही स्वतः फुगवून ७० हजारांवर कोड केलेली. मला नवल वाटलं नाही. हेड ऑफिसचं सर्क्युलर आलं तरी शाखा जुन्याच रजिस्टरवर चालते, हे मी रोज पाहतो.

दिवाळीत पुतणी लॅपटॉपसकट घरी आली, आणि भाऊबीजेला धुळ्याहून मामा आले. आम्ही एमएच १९, मामा एमएच १८. मध्ये एरंडोल-पारोळा आणि तेवढाच ताठा. चहा घेताना मामांना ठसका लागला आणि त्यांचा हात सवयीनं उजव्या बरगडीवर गेला. पुतणीनं विचारलं, "आबा, काय होतंय?"

"थंडीमा दुखस, बेटा. खोकला उना का मग इचारू नको."

सदऱ्याखाली रुपयाएवढा वण आहे. १९८८ चा पोळा. मामा तेव्हा १९ वर्षांचे, मी ८. सर्जाच्या शिंगांना हिंगूळ लावलेला, वर पितळी शेंब्या, पाठीवर झूल. वेशीपाशी सर्जा बुजला आणि मामांच्या छातीत शिंग घुसलं. धुळ्याला नेऊन टाके घातले. मामा वाचले. पण पुढे पोलीस भरतीत छाती ५ सेंटिमीटर फुगवून दाखवायची वेळ आली, तेव्हा ती साडेतीनवर अडली. श्वास ओढला की बरगडीत कळ. मामांनी मग जन्मभर कापूस पिकवला. भरतीचं ते स्वतःहून कधी काढत नाहीत.

पुतणीला एवढी उत्तम केस घरबसल्या मिळाल्यावर ती कशाला सोडते! सुरू झाली उलटतपासणी.

"पुढून की मागून?" पुढून. "उजवी की डावी?" उजवी. "फाटलं की भोसकलं?" भोसकलं. "आत छातीच्या पोकळीपर्यंत गेलं?" नाही. "काही आत राहिलं होतं का?"

मामा विचारात पडले. शेंबी त्या दिवशी सापडली नव्हती खरी. पण ती नंतर झुलीत निघाली, असं आईनं स्वयंपाकघरातून ओरडून कळवलं. शेंबीविना कोड नक्की झाला: एस २१.१३१, आणि शेवटी पुन्हा एक एस.

"हा शेवटचा एस महत्त्वाचा," पुतणी म्हणाली. "पहिल्या उपचाराला ए, नंतरच्या मलमपट्टीला डी, आणि जखम भरल्यावर मागं जे उरतं त्याला एस. पण हा कोड पहिला नाही लावायचा. आधी आजचं दुखणं, म्हणजे वण, एल ९०.५. मग जुनी जखम." आधी व्याज, मग मुद्दल, मला पटलं.

"आणि किती वर्षांपर्यंत चालतो हा एस?" मी विचारलं. आमच्याकडे हातउसन्या पैशाचा दावासुद्धा ३ वर्षांत मुदतबाह्य होतो.

"त्याला मुदतच नाही, काका."

मी चहाचा कप उगाच बशीत फिरवला.

मग आलं कारण. शिंग मारलं त्याचा कोड डब्ल्यू ५५.२२, मध्ये एक नुसता जागा भरणारा एक्स (आमच्या आयएफएससीतलं पाचवं शून्य असंच बसून पगार खातं), आणि शेवटी पुन्हा एस. पुतणीनं वाचून दाखवलं, "गायीचा मार."

"गाय?" मामा ताठ बसले. "सर्जा गाय व्हता का? तेनी इज्जत काढू नको, बेटा!"

पुस्तकात बैल गायीच्याच पोटात धरलाय, हे तिनं हरप्रकारे सांगितलं. छत्तीस गुणी खिलाऱ्याला परदेशात गाय म्हणतात, याचं मामांना छातीपेक्षा जास्त दुखलं.

"पण आबा, बैल बुजला कशानं?"

मामा चटकन म्हणाले, "डफडं वाजनं, बुजना."

सगळ्या गावाला तेव्हा त्यांनी हेच सांगितलं होतं. जळगावच्या शहाण्या भाच्यानं सर्जाच्या मागच्या पायांशी लवंगी लावली होती, हे फक्त मामांना दिसलं होतं. टाके घालून आणल्यावर त्यांनी मला खाटेजवळ बोलावलं, तेव्हा मला वाटलं आता मार बसणार. त्यांनी बत्तासा दिला.

मी म्हणालो, "अगं, त्या वेळी कोण काय करत होतं, कुठं करत होतं, याचेही कोड असतील ना तुझ्याकडे?"

"आहेत. पण ते पहिल्या वेळेलाच लावायचे. जुन्या जखमेला ते विचारत नाहीत."

मामांनी माझ्याकडे पाहिलं, बशीतली चकली मोडली आणि मोठा तुकडा माझ्यापुढे सरकवला.

फटाक्याचा कोड डब्ल्यू ३९. तो मी रात्री सगळे झोपल्यावर तिच्या पुस्तकातून काढला.