नागपूरचं काशीतलं टोक

दशाश्वमेधवरून नाव दक्षिणेला वळते, अहिल्याबाई घाट मागे पडतो आणि चुनारच्या दगडाचा उंच महाल दिसताच नावाडी म्हणतो, 'दरभंगा.' मुन्शी घाटाचं नाव बहुधा राहूनच जातं. हा घाट नागपूरकर भोसल्यांच्या दरबारातल्या श्रीधर मुन्शींनी एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला बांधला. 1915मध्ये त्यातला भाग दरभंग्याच्या राजाने विकत घेतला. आज त्या महालात महागडं हॉटेल आहे. बांधणारा मागे आणि घेणारा पुढे, हे नागपूरकराला खुपणारच.

नागपूरहून इथवर पायी यायचं म्हणजे महिन्यांची बाब. रामटेक उजवीकडे ठेवून कुरईचा घाट, शिवनी, जबलपूरला नर्मदा, पुढे मैहर, रीवा, मिर्झापूर. ठगांची दहशत होती. त्यांचा बंदोबस्त करणाऱ्या स्लीमनच्या नावाचं स्लीमनाबाद आजही याच रस्त्यावर आहे. काशीस जावे, नित्य वदावे, असं लोक म्हणत ते उगाच नाही. निम्म्यांचं जाणं वदण्यातच उरकत असावं.

जे परतत त्यांच्याजवळ गंगेचा गडू असे. तांब्याचा, मुठीत मावणारा, तोंड झाळून बंद केलेला. मावंदं झालं की एखादा फोडून तीर्थ वाटायचं. उरलेला देवघरात मागच्या रांगेत. हलवला तर आत पाणी वाजतं. घरातलं म्हातारं माणूस शेवटच्या घटका मोजू लागलं की तो शोधायचा. नेमकं तेव्हाच झाळण निघत नाही. अडकित्ता झाला, खिळा झाला, उलथन्याचा दांडा झाला. सगळं घर गडूशी झुंजतंय आणि तोवर आजी डोळे उघडून चहा मागते. मग गडू पुन्हा जागेवर, पोचे आलेला.

1870मध्ये जबलपूरला दोन्हीकडचे रूळ जुळले आणि यात्रेकरू आगगाडीत बसला.

रस्ता मात्र टिकला. वाराणसी ते कन्याकुमारी, 2369 किलोमीटर, राष्ट्रीय महामार्ग क्रमांक 7: तेव्हा देशातला सर्वांत लांब. 2010मध्ये महामार्गांना नवे क्रमांक दिले तेव्हा त्याचे तुकडे झाले. नागपूरहून काशीला जाताना आता 44, 34, 30, 135 आणि 35 अशा पाट्या लागतात. सोय कुणाची झाली, देव जाणे. पेंचच्या जंगलात तर याच रस्त्याला खांबांवर उचललंय, एके ठिकाणी 750 मीटर. खालून वाघ जातो.

फेब्रुवारी 2025मध्ये महाकुंभाला निघालेल्या गाड्या कटनी, मैहर, रीवा पट्ट्यात तासन्‌तास खोळंबल्या. पोलीस माघारी जा म्हणून विनवत होते. अनेकांनी गाडीतच रात्र काढली, संगमावर बुडी मारली आणि तसेच पुढे काशीला गेले.