भजी हलकी होतात ती वाफेने

स्वयंपाकाच्या वर्गात भज्यांचा दिवस असला की एक प्रश्न हमखास येतो, "ताई, सोडा किती घालायचा?" माझं उत्तर ठरलेलं आहे: घालू नका. यावर समोरच्या चेहऱ्यांवर अविश्वास दिसतो, कारण हलकं भजं म्हणजे सोड्याचं भजं हे समीकरण आपल्या मनात पक्कं बसलेलं आहे. अन्नविज्ञान शिकवताना आणि त्याआधी घरच्या कढईसमोर उभी राहून मला जे उमगलं ते असं, की भजं हलकं करण्याचं काम पाणी करतं, आणि ते तेलकट होतं ते बहुतेक वेळा कढईतून बाहेर आल्यावर. या दोन गोष्टी नीट लक्षात आल्या, तर भज्यांच्या बाबतीत पाककृतीच्या वहीची फारशी गरज उरत नाही.

भजं तेलात पडलं की पहिल्यांदा आवाज होतो तो पाण्याचा. तेल १७० ते १८० अंश सेल्सिअसवर असतं, पाणी १०० अंशांवर उकळतं. पिठातल्या पाण्याची क्षणात वाफ होते, आणि वाफ झालेलं पाणी मूळच्या १,६०० पटींहून अधिक जागा मागतं. ही वाफ पीठ फुगवते, त्यात पोकळ्या करते आणि जोराने बाहेर पडते. कढईत भज्याभोवती जे बुडबुडे दिसतात ते तेलाचे नसतात, ते या वाफेचे. जोवर वाफ बाहेर ढकलते आहे तोवर तेलाला आत शिरायला फारसा वावच मिळत नाही. तेवढ्यात वरचं पीठ शिजून पापुद्रा धरतं, मग रंग चढतो, खमंग वास सुटतो. बुडबुडे मंदावले, आवाज बारीक झाला की आतलं पाणी बरंच सरलं असं समजावं आणि झारा हातात घ्यावा. पट्टीची तळणारी बाई पाठमोरी उभी राहूनही "झाली गं, काढ" म्हणते, ती या आवाजावरून.

आता बाहेर काढल्यानंतरचं. भजं ताटात आलं की निवायला लागतं. पोकळ्यांमध्ये अडकलेल्या वाफेचं पुन्हा पाणी होतं, आतला दाब उतरतो, आणि वरच्या अंगाला चिकटून राहिलेलं तेल आत ओढलं जातं. बटाट्याच्या चकत्या तळताना तेलात रंग मिसळून १९९०च्या दशकात जे प्रयोग झाले, त्यांतून हेच पुढे आलं, की चकतीत मुरणाऱ्या तेलाचा मोठा वाटा तळताना नव्हे, तर तळून काढल्यावर आत जातो. म्हणून कढईतून काढल्यानंतरच्या पहिल्या अर्ध्या मिनिटाला मी इतकं महत्त्व देते. झाऱ्यावर भजी उचलली की ती कढईच्या काठाशी, गरम तेलाच्या वरच धरावीत आणि झारा दोन-चारदा चांगला झटकावा. गरम तेल पातळ असतं, ते पटकन निथळतं. गार होऊ लागलं की ते दाट होतं आणि भज्याला धरून बसतं. मग भजी जाळीवर किंवा चाळणीत, एकावर एक न चढवता ठेवावीत. डब्यात भरली किंवा वर झाकण घातलं की त्यांच्याच वाफेने ती सादळतात. कागद पसरायचाच असेल तर स्वयंपाकघरातला टिपकागद घ्या. वर्तमानपत्र कधीच नको. छपाईची शाई गरम तेलात उतरते, आणि खाद्यपदार्थ वर्तमानपत्रात ठेवायला वा गुंडाळायला २०१८ सालच्या पॅकेजिंगच्या नियमांनीच मनाई केलेली आहे.

सोड्याकडे वळते. खाण्याचा सोडा तापला की त्यातून कार्बन डायऑक्साइड सुटतो, पीठ फुगतं, हे खरं. मागे मात्र धुण्याच्या सोड्याच्या जातीचा क्षार उरतो. भज्यांच्या पिठात ताक किंवा लिंबू नसलं, तर त्याला मारायला आंबटपणाच नसतो. जिभेवर साबणासारखी जी चव रेंगाळते ती याची. कधी भज्यावर तांबडे ठिपके दिसतात, तेही याचेच. हळद क्षारात लाल होते, आणि सोडा नीट न मिसळता जिथे गोळा राहिला तिथे ती रंग बदलते. डाळीतलं ब-१ जीवनसत्त्व क्षारात टिकत नाही, हा आणखी एक तोटा. पण माझी मुख्य तक्रार वेगळी आहे. सोड्याने पडणारी भोकं मोठी आणि फुटकी असतात, पापुद्रा विरविरीत होतो, आणि बाहेरचं तेल शिरायला तयार वाटा मिळतात. एकाच पिठाचे दोन भाग करून एकात सोडा घाला, तितकीच भजी तळा आणि प्रत्येक घाण्याआधी व नंतर कढईतलं तेल मोजा. वर्गात आम्ही हे करून पाहतो. सोड्याच्या घाण्यात तेल जास्त उतरतं, आणि त्यानंतर कोणाला समजावून सांगावं लागत नाही.

मग हलकेपणा आणायचा कसा? पीठ फेटून. बेसन हरभऱ्याच्या डाळीचं, त्यात गव्हासारखं ग्लुटेन नाही, त्यामुळे कितीही फेटलं तरी ते चिवट होत नाही. उलट डाळीची प्रथिनं हवा धरून ठेवतात. ही हवेची बारीक बारीक घरं पिठात आधीच तयार असली, की कढईत वाफ त्यांतच शिरते आणि भजं आतून जाळीदार होतं.

हे डोळ्यांनी पाहायचं असेल तर मुगाची भजी करावीत. मला स्वतःला सगळ्या भज्यांत हीच श्रेष्ठ वाटतात, कारण इथे पिठात ना सोडा, ना मोहन, सगळी करामत हाताची. साल काढलेली मूगडाळ तीन तास भिजवायची आणि चाळणीत अगदी कोरडी निथळायची. मग पाण्याचा थेंबही न घालता भरड वाटायची. गंधासारखी बारीक वाटली तर भजी दडस होतात. वाटलेली डाळ रुंद पातेल्यात घेऊन पाची बोटं पसरून एकाच दिशेने फेटत राहायचं. सुरुवातीला गोळा जड लागतो, बोटांना चिकटतो. चार-पाच मिनिटांत त्याचा रंग पिवळ्याचा फिकट होतो, आकार वाढल्यासारखा दिसतो आणि हाताला तो मऊ, सुटा लागायला लागतो. आता वाटीभर पाण्यात त्याचा बोराएवढा गोळा सोडून बघा. तळाशी गेला तर अजून फेटायला हवं. वर तरंगला, आणि न विरघळता तरंगला, की पीठ तयार. मग आलं-मिरची, कोथिंबीर, भरडलेले धने, मिरी. मीठ सगळ्यात शेवटी, कढई तापल्यावर, कारण आधी घातलं तर पीठ पाणी सोडतं आणि धरलेली हवा जाते. ही भजी फोडली की आत कापसासारखी दिसतात. निवल्यावरही ती घशाला बसत नाहीत.

कांदाभज्यांचं तंत्र याच्या बरोब्बर उलट. इथे फेटायचं नाही आणि पाणीही घालायचं नाही. कांदा उभा, पातळ चिरायचा, पाकळ्या बोटांनी मोकळ्या करायच्या, मीठ चोळून दहा-पंधरा मिनिटं बाजूला ठेवायचा. मिठाने कांद्याला पाणी सुटतं, आणि त्या पाण्यात मावेल तेवढंच बेसन वरून भुरभुरवायचं. प्रमाण विचाराल तर पिठात कांदा नको, कांद्याला पीठ हवं. बेसनाच्या चौथ्या हिश्श्याइतकं तांदळाचं पीठ घातलं तर कुरकुरीतपणा टिकतो. ओवा, तिखट, थोडी हळद. शेवटी वाटीभर बेसनाला चमचाभर कडकडीत तेलाचं मोहन. तेलाचा लेप बसलेले पिठाचे कण एकमेकांना घट्ट धरत नाहीत, म्हणून भजी खुसखुशीत होतात. पण हात सैल सुटून मोहन जास्त झालं, तर ती कढईत फुटतात आणि सगळं तेल गढूळ होतं. मिश्रणाचा गोळा करू नये, मुठीत दाबू तर मुळीच नये. चिमटीने उचलावं आणि पसरट, विस्कटलेलं सोडावं. कांद्याचे पाय चहूकडे निघालेली ही खेकडा भजी हलकी लागतात, कारण प्रत्येक पाकळीला तेलाची आंच मिळते आणि वाफेला बाहेर पडायला हजार वाटा असतात. सिंहगडावर चढून गेल्यावर मिळणाऱ्या कांदाभज्यांची एवढी वाखाणणी होते, त्यात चढण्याने लागलेली भूक असतेच. पण तिथे भजी कढईतून थेट ताटलीत येतात, सादळायला त्यांना वेळच मिळत नाही, हेही खरं कारण आहे.

आषाढ शुद्ध नवमीला, म्हणजे कांदेनवमीला, चातुर्मास पाळणाऱ्या घरांत कांद्याची शेवटची चंगळ होते आणि पुढचे चार महिने कांदा बंद. पण भजी बंद होत नाहीत. पावसाने मांडवावर घोसाळी लोंबायला लागलेली असतात, कुंपणावर मायाळूचे वेल चढलेले असतात, कुंडीत पानओवा तरारलेला असतो. पानओवा म्हणजे ओव्याचं झाड नव्हे, ती तुळशीच्या कुळातली वेगळी वनस्पती आहे. मात्र ओव्याच्या दाण्यात असणारा थायमॉल तिच्या पानांतही असतो, म्हणून वास तोच. तिचं पान जाड, लवदार, पीठ छान धरणारं. आज घराघरात कांदा आणि बटाटा यांच्यापलीकडे भजी जात नाहीत याची मला खरोखर हळहळ वाटते. खानदेशात गिलक्याची, म्हणजे घोसाळ्याचीच, भजी ज्याने खाल्ली त्याला बटाट्याची भजी फिकीच वाटतील. घोसाळ्यात नव्वद टक्क्यांहून अधिक पाणी असतं, त्यामुळे बाहेर पापुद्रा कुरकुरीत आणि आत चकती लोण्यासारखी मऊ. घोसाळं मात्र कोवळं हवं. जून झालं की त्याची अंग घासायची घासणीच होते.

बुडवून करायच्या भज्यांना पीठ सरसरीत हवं. चमचा पिठात बुडवून काढला की त्याच्या पाठीवर पातळ थर राहिला पाहिजे, ओघळून चमचा उघडा पडला तर बेसन घाला. चकत्या कापडाने टिपून घ्याव्यात आणि आधी कोरड्या पिठात घोळवाव्यात, नाहीतर पापुद्रा चकतीपासून सुटून येतो आणि मधल्या जागेत तेल साठतं. बेसन बारीक दळलेलं घ्या, लाडवाचं रवाळ बेसन इथे चालत नाही.

तेल तापलं की नाही हे ओळखायला थर्मामीटर असेल तर उत्तम, नसेल तर पिठाचा थेंब टाकून बघा. तळाशी जाऊन बसला तर तेल गार आहे. टाकताक्षणी वर येऊन तांबूस झाला तर फार तापलं आहे, भजी बाहेरून करपतील आणि आत कच्च्या बेसनाचा वास राहील. जरा खाली जाऊन लगेच बुडबुड्यांसह वर आला की पहिला घाणा सोडा. आणि घाणा लहान ठेवा. घाईत कढई भरून भजी सोडली की तेल एकदम उतरतं, वाफेचा जोर ओसरतो, पापुद्रा धरायला वेळ लागतो आणि भजी तेल पितात. तेलाचा निम्मा पृष्ठभाग मोकळा दिसला पाहिजे. पाहुणे ताटकळले तरी चालतील.

कमी तेलाची भजी म्हणून हल्ली एअर फ्रायरबद्दल विचारतात. सरसरीत पिठात बुडवलेली भजी त्यात होत नाहीत, पीठ धरण्याआधीच ओघळून जातं. मुगाचं घट्ट पीठ आप्पेपात्रात थेंबभर तेलावर मात्र फार छान होतं, आणि ज्यांना तळण वर्ज्य आहे त्यांना मी तेच सुचवते.

दिवाळीच्या अंकात भज्यांवर लिहिण्याला एक कारण आहे. चार दिवस लाडू-करंज्या खाल्ल्या की भाऊबीजेच्या आसपास कोणीतरी म्हणतंच, "काहीतरी गरमागरम तिखट करा." आणि मग चकल्या, शेव, शंकरपाळे तळून उरलेलं कढईतलं तेलच पुन्हा तापतं. ते करू नका. तासन्‌तास तापलेल्या तेलाचे रेणू मोडतात, त्यातून ध्रुवीय संयुगं तयार होतात. त्यांचं प्रमाण २५ टक्क्यांवर गेलेलं तेल वापरायला अन्नसुरक्षा प्राधिकरणाने १ जुलै २०१८ पासून मनाई केली आहे. घरी हे मोजता येत नाही, पण ओळखता येतं. तेल काळसर आणि दाट झालं, त्यावर न मोडणारा फेस धरू लागला, नेहमीपेक्षा लवकर धूर यायला लागला की ते टाकून द्यावं. मोरीत मात्र ओतू नये, नळी तुंबते. अजून पिवळं आणि पातळ असेल तर गार झाल्यावर गाळून बरणीत भरा, दोन-चार दिवसांत फोडणीला संपवा. लोखंडी कढईत ते रात्रभर ठेवू नका, लोखंडाच्या संगतीत तेल लवकर खवट होतं. आणि भज्यांसाठी लहान, खोलगट कढई काढून त्यात ताजं तेल घाला. घरच्या चार माणसांच्या भज्यांना दोन वाट्या तेल पुरतं.