सबळ कारण कोणी सांगायचं?

जवळ धारदार पातं बाळगून फिरणाऱ्याला इंग्लंडसारखी शिक्षा व्हावी, असं मी वर्षानुवर्षं मानत आलो. चंद्रपूरला फौजदारी वकिली करताना भोसकाभोसकीच्या इतक्या प्रकरणांचे कागद हाताखालून गेले, की ते मत पक्कं होत गेलं. इंग्लंडचा 1988 चा कायदा मला आदर्श वाटे. सार्वजनिक जागी पातं किंवा टोक असलेली वस्तू जवळ सापडली की गुन्हा, शिक्षा 4 वर्षांपर्यंत. सूट फक्त 3 इंचांपर्यंतच्या, घडी होणाऱ्या खिशातल्या चाकूला. बाकी कुणाकडे काम, धर्म किंवा पारंपरिक पोशाखाचं सबळ कारण असेल, तर ते त्यानंच सिद्ध करायचं.

त्यापुढे आपला 1959 चा शस्त्र कायदा ढिला वाटायचा. नियमांत 9 इंच लांबीचं नाहीतर 2 इंच रुंदीचं माप, त्यातून घरगुती आणि शेतीची अवजारं वगळलेली. शिवाय कलम 4 लावायचं तर त्या भागापुरती केंद्राची अधिसूचना हवी. ती न्यायालयापुढे आली नाही, की खटला लंगडा पडतो.

वनहक्क कायद्याच्या निमित्तानं गडचिरोलीत फिरणं वाढलं आणि माझं मत डळमळू लागलं. इथे पातं नसलेला माणूस शोधावा लागतो. माडिया आदिवासी माणसाच्या खांद्यावर कुऱ्हाड, बांबू तोडणाऱ्याच्या हातात कोयता, पावसाळ्यात वास्ते, म्हणजे बांबूचे कोवळे कोंब, काढायला निघालेल्या बायकांच्या टोपलीत विळा. चपराळा अभयारण्याजवळच्या एका गावात मी सामूहिक हक्क समजावत होतो, तेव्हा एका बाईनं विचारलं, "हक्क भेटला म्हनता, मंग कोयता घरी ठेवून वास्ते कायनं तोडाचे जी?"

प्रश्न नेमका होता. वन्यजीव संरक्षण कायदा, 1972 मधल्या 'शस्त्र' या व्याख्येत बंदूक आणि सापळ्याबरोबर चाकूही आहे. कलम 31 म्हणतं, लेखी पूर्वपरवानगीशिवाय शस्त्र घेऊन अभयारण्यात पाऊल टाकायचं नाही. 2022 च्या दुरुस्तीनंतर कलम 51 खाली 3 वर्षांपर्यंत कैद किंवा 1 लाखापर्यंत दंड होऊ शकतो, किंवा दोन्ही. शस्त्र कायद्यातली शेतीच्या अवजारांची सूट या व्याख्येत नाही. म्हणजे मी शहरासाठी मागत होतो तो कायदा जंगलात आधीच होता, आणि इंग्लंडहूनही कडक. तिथे निदान सबळ कारण सांगायला जागा आहे.

पण ती जागा इथे मिळाली तरी काय होईल? माडिया बोलणाऱ्या माणसानं मराठी कागदावर, नाक्यावरच्या माणसापुढे, पिढ्यान्‌पिढ्या जवळ असलेल्या कुऱ्हाडीचं कारण सिद्ध करायचं. ते ओझं त्याच्यावर टाकणं अन्याय आहे, असं आज माझं ठाम मत आहे. हेतू वाईट होता हे सरकारनं दाखवावं. शस्त्र कायद्यातली शेती-अवजारांची सूट मला आता ढिलाई वाटत नाही, तो शहाणपणा वाटतो.

वाघाचा विचार तर मी केलाच नव्हता. 2025 च्या मे महिन्यात सिंदेवाही तालुक्यात तेंदूपत्ता तोडायला गेलेल्या तीन बायका एकाच दिवशी वाघाच्या हल्ल्यात गेल्या. कोयत्यानं वाघ अडत नाही, मला ठाऊक आहे. पण अशा रानात रिकाम्या हातानं जा, असं कुणाला सांगायचा धीर मला होत नाही.

माझं सगळंच मत फिरलेलं नाही. वाढदिवसाचा केक तलवारीनं कापून व्हिडिओ टाकणाऱ्या पोरांवर गुन्हा दाखल होतो, तो व्हायलाच हवा. सण-निवडणुकांच्या काळात महाराष्ट्र पोलीस कायद्याच्या कलम 37 खाली निघणारे मनाई आदेशही मला मान्य आहेत. ते ठरावीक मुदतीचे असतात. शिकाऱ्याचा सुराही जप्त व्हावाच. 2006 च्या वनहक्क कायद्यानंही शिकारीचा हक्क दिलेला नाही.

मागणं एवढंच आहे, आणि त्यासाठी कायदा बदलावा लागत नाही. लेखी परवानगीचा अधिकार कलम 31 मध्येच मुख्य वन्यजीव रक्षकांना आणि प्राधिकृत अधिकाऱ्यांना दिलेला आहे. अभयारण्यात ज्या गावांचे हक्क मान्य झालेत, त्यांच्या ग्रामसभांना हंगामाआधी विळा, कोयता, कुऱ्हाडीची एकत्र परवानगी द्यावी. ग्रामसभांनी तसा ठराव करून अर्ज करावा. अर्ज लिहायला वकील लागला तर मला बोलवा, मी येईन.