लॅडरच्या बाजूने

कोडिंग शिकून आलेल्याला लॅडर डायग्राम दाखवला की तो मनातल्या मनात हसतो. मीही हसायचो. दोन उभ्या रेघा, मध्ये आडवे ‘रंग’ (rung, म्हणजे शिडीच्या पायऱ्या), डावीकडे काँटॅक्ट, उजवीकडे कॉइल. पीएलसी (प्रोग्रॅमेबल लॉजिक कंट्रोलर) शिकायचा तर थेट कोडसारख्या स्ट्रक्चर्ड टेक्स्टमध्ये, लॅडर जुन्या वायरमन मंडळींना राहू द्या, असं मी ट्रेनिंगमध्ये सरांना ऐकवलंही. सरांनी वाद घातला नाही. मोटरचं स्टार्ट-स्टॉप करायला बसवलं.

त्यात एक गंमत आहे. पॅनेलवरचं स्टॉप बटण एनसी (नॉर्मली क्लोज्ड) असतं, म्हणून नवा माणूस प्रोग्राममध्येही एनसी काँटॅक्ट टाकतो आणि मोटर सुरूच होत नाही. बटण न दाबताही त्यातून 24 व्होल्ट येत असतात, इनपुट 1 असतो. तिथे एनओ (नॉर्मली ओपन) काँटॅक्टच लागतो. मग बटण एनसी कशाला? वायर तुटली, टर्मिनलचा स्क्रू ढिला झाला, तरी स्टॉप दाबल्यासारखं होऊन मोटर थांबावी म्हणून. एनओ बटणाची तुटलेली वायर कळते ती नेमकी मशीन थांबवायच्या वेळी. कॉलेजात कोड लिहिताना वायर तुटण्याचा हिशेब कोणी करायला लावला नव्हता.

पण मत बदललं ते चाकणला, नाइट शिफ्टला. कन्व्हेयर बंद, सुपरवायझर डोक्यावर उभा. मेंटेनन्सचे काका, आयटीआय झालेले, लॅपटॉप लावून ऑनलाइन गेले. रंगवरची हिरवी रेघ एका काँटॅक्टपाशी अडली होती. ‘गार्डचा स्विच,’ म्हणाले आणि टेस्टर घेऊन तिकडे गेले. त्यांना आयएफ-एल्सच्या ओळी उलगडत बसायला लावणं हा शुद्ध आडमुठेपणा झाला असता.

लॅडर मुळात आला तोही अशाच माणसांसाठी. 1968 साली जनरल मोटर्सच्या हायड्रामॅटिक विभागाला गाडीचं मॉडेल बदललं की रिले पॅनेलांचं वायरिंग नव्याने करण्याचा वैताग आला होता. त्यातून डिक मॉर्ली आणि सहकाऱ्यांचा मॉडिकॉन 084 हा पीएलसी आला. रिले गेले, त्यांची आकृती मुद्दाम ठेवली. कारखान्यातल्या इलेक्ट्रिशियनला ती आधीच वाचता येत होती.

रेसिपी, ॲरे, लांबलचक आकडेमोड मी आजही स्ट्रक्चर्ड टेक्स्टमध्येच लिहितो. लॅडरमध्ये ते किचकट होतं. मोटर, व्हॉल्व्ह, इंटरलॉक मात्र लॅडरमध्ये, आणि प्रत्येक रंगवर वायर नंबरासकट कॉमेंट.