हाक ऐकणारे

प्राचीन इजिप्तच्या थडग्यांवरील पदव्या वाचणे हा माझा जुना छंद. राजाच्या उजव्या हाताचा पंखाधारी, राजाचा एकमेव सखा. सक्कारा येथे १९६४ साली पाचव्या राजवंशातील एक थडगे सापडले. त्याचे दोघे धनी, निआंखख्नुम आणि ख्नुमहोतेप, राजवाड्यातील नखे कापणाऱ्यांचे प्रमुख होते. प्रथम हसू येते. पण राजाच्या देहाला स्पर्श करण्याचा तो अधिकार होता, हे ध्यानात आले की ते ओसरते.

ज्यांच्या धंद्याला पदवी नव्हती, त्यांच्याविषयी मात्र बोलतो तो लेखनिक. मध्य राज्यकाळातील एका रचनेत दुआ-खेती आपल्या मुलाला, पेपीला, लेखनिकांच्या शाळेत पोचवायला निघाला आहे, आणि वाटेत तो कुंभार, परीट, न्हावी अशा एकेकाच्या धंद्याची दैना वर्णितो. पुढे शतकानुशतके शाळकरी मुलांनी ही रचना गिरवली, आणि ती इतक्या चुकांसह की मूळ पाठ ठरवताना अभ्यासकांची दमछाक होते. (उत्तरपत्रिका तपासणाऱ्यांना हे दुःख नवे नाही.)

त्यातला विणकर कोंदट खोलीत गुडघे पोटाशी घेऊन बसतो. उजेड पाहायचा तर त्याला दारवानाला भाकरी द्यावी लागते. इथे मी नेहमी अडखळतो. माझे वडील मागावर बसत. त्यांनी मला शिकवले ते दुआ-खेतीच्याच हेतूने. पण पाठीच्या दुखण्याबरोबर ते काठाच्या नक्षीविषयीही बोलत. दुआ-खेतीच्या विणकराला दुखणे आहे, कसब नाही. ते लिहिणाऱ्याला दिसले नाही, की दाखवायचे नव्हते?

देर अल-मदिना येथे राजांची थडगी खोदणारे आणि रंगवणारे कारागीर राहत. त्यांची पदवी होती 'सत्याच्या स्थानी हाक ऐकणारा'. अभ्यासक तिचे भाषांतर 'सेवक' असे करतात. मला शब्दशः अर्थ अधिक बोलका वाटतो. महिन्याचे वेतन साडेपाच खार, म्हणजे पोती, धान्य. मुकादम आणि लेखनिकाला साडेसात. तिसऱ्या रामसेसच्या कारकिर्दीच्या २९व्या वर्षी, इसवी सनापूर्वीच्या बाराव्या शतकात, हे धान्य थकले. कारागिरांनी काम थांबवले, वस्तीच्या चौक्या ओलांडल्या आणि मंदिरापाशी ठाण मांडून बसले. काय काय मिळालेले नाही, ते त्यांनी अधिकाऱ्यांना एकेक करून ऐकवले. ही सारी हकीकत तूरिनच्या संग्रहालयातील पपायरसवर आहे. ती वस्तीतल्याच अमेननख्त या लेखनिकाने नोंदवली असे मानतात. त्याचीही साडेसात पोती थकलेली असणार.