पिझ्झाची जन्मपत्रिका

पिझ्झा म्हटला की हॉस्टेलवर दोन गोष्टी ठरलेल्या. आधी वर्गणी, मग भांडण. वर्गणी कुणी बुडवली यावरून भांडण, शेवटचा तुकडा कुणी उचलला यावरून भांडण, आणि विंगमध्ये एखादा शहाणा असेल तर "हा काही खरा इटालियन पिझ्झा नव्हे" या वाक्यावरून तिसरं भांडण. पहिल्या दोन भांडणांवर उपाय नाही. तिसऱ्यावर मात्र मी या सेमिस्टरला बराच अभ्यास केला आहे. (सबमिशनच्या आठवड्यात माणूस सिलॅबस सोडून जगातलं काहीही वाचू शकतो, हे या मासिकाच्या वाचकांना वेगळं सांगायला नको!)

निमित्त झालं एका बातमीचं. डिसेंबर २०२५ मध्ये दिल्लीच्या लाल किल्ल्यात युनेस्कोची बैठक भरली होती. मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत तिथे आपली दिवाळी गेली आणि त्याच बैठकीत इटलीचा स्वयंपाकही गेला. गंमत अशी, की मान मिळाला तो कुठल्या एका पदार्थाला नाही. नोंद झाली ती एकत्र बसून रांधण्याची, वाढण्याची, उरलंसुरलं वाया न घालवण्याची, आजीचा हात नातवंडांपर्यंत पोचवण्याची. मनात आलं, एवढं तर आमच्या घरीही होतं! मग या लोकांकडे असं वेगळं काय आहे? जुनेपणा? श्रीमंती? की आणखी काही?

आधी जुनेपणाचं बघू. पास्ता जुना आहे, यात वाद नाही. मार्को पोलोने तो चीनहून आणला ही गोष्ट आपण सगळ्यांनी ऐकलेली. पण मार्को पोलो घरी परतला १२९५ मध्ये. त्याच्या जवळजवळ दीडशे वर्षं आधी, ११५४ मध्ये, अल-इद्रीसी नावाच्या अरब भूगोलकाराने लिहून ठेवलंय, की सिसिली बेटावर पालेर्मोजवळच्या त्राबिया गावात शेवयांसारखा पदार्थ ढिगाने बनतो आणि जहाजं भरभरून बाहेर जातो. म्हणजे तेव्हापासूनच एक्स्पोर्ट क्वालिटी! मार्को पोलोची गोष्ट पसरायला हातभार लावला तो अमेरिकेतल्या मॅकरोनी कारखानदारांच्या मासिकाने, १९२९ मध्ये.

पण त्या पास्त्यावरचा लाल टोमॅटो? तो अमेरिका खंडातून सोळाव्या शतकात आला. टोमॅटोच्या सॉसची कृती नेपल्समध्ये अंतोनियो लातीनीने छापली ती १६९० च्या दशकात. म्हणजे शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक झाला तेव्हा ती अजून छापलेलीही नव्हती. आणि शेवयांवर टोमॅटो घालण्याची कृती काव्हालकान्तीच्या पुस्तकात येते १८३९ मध्ये, इकडे पेशवाई बुडून वीस वर्षं उलटल्यावर. आपण हसायचं कारण नाही. मिरची, बटाटा आणि टोमॅटो हे तिघेही त्याच खंडातले. मिरची तर पोर्तुगीज जहाजांतून गोव्यात उतरली. तेव्हा आपला झणझणीत ठेचाही कोलंबसानंतरचाच.

आता श्रीमंती. पिझ्झा मार्गेरिताची गोष्ट प्रसिद्ध आहे : १८८९ मध्ये राणी मार्गेरिता नेपल्सला आली, राफाएले एस्पोझितोने तिच्यासाठी झेंड्याच्या तीन रंगांचा पिझ्झा केला, राणी खूश, शाही पत्र वगैरे. त्या पत्राच्या खरेपणाबद्दल इतिहासकारांना शंका आहे. मला त्याहून आवडला तो साठ वर्षं आधीचा एक साक्षीदार. ई अँड टीसीवाल्यांनी कान टवकारावेत, कारण हा साक्षीदार म्हणजे तारायंत्रवाले सॅम्युएल मोर्स! १८३१ मध्ये ते नेपल्सला गेले होते. तिथला पिझ्झा बघून त्यांना इतकी किळस आली, की हा पाव गटारातून काढल्यासारखा दिसतो अशा अर्थाचं त्यांनी लिहून ठेवलं. तेव्हा पिझ्झा हे बंदरावरच्या हमालांचं, कोळ्यांचं, घरात चूल नसलेल्यांचं रस्त्यावर उभ्याने खायचं अन्न होतं. ज्याच्यासाठी आपण आज महिनाअखेरीला उधारी करतो, तो!

पास्त्याचंही तेच. नेपल्सच्या लोकांना आधी 'पालाखाऊ' म्हणत, कारण त्यांच्या ताटात भाजीपालाच जास्त. सतराव्या शतकात पीठ मळायची यंत्रं आणि दाबून पास्ता पाडायचे स्क्रू-प्रेस आले, पास्ता स्वस्त झाला, आणि तेच लोक 'मॅकरोनीखाऊ' झाले. मेकॅनिकलवाल्यांसाठी सांगतो, हे सरळसरळ एक्स्ट्रूजन आहे, आपल्या शेवेच्या सोऱ्यासारखं. खरी कसोटी मात्र वाळवण्यात. वरचा थर घाईने वाळला तर पास्ता तडकतो. म्हणून आधी वरून जरा वाळवायचा, मग झाकून विसावू द्यायचा, म्हणजे आतला ओलावा बाहेरच्या थरापर्यंत येतो, आणि मग पुन्हा सावकाश वाळवायचा. ग्रान्यानोसारख्या गावांत हे काम डोंगर आणि समुद्राकडच्या वाऱ्यावर चाले. उन्हाळ्यात गच्चीवर पापड-कुरडया राखत बसलेल्या कुणालाही यातली मेख लगेच कळेल.

इथपर्यंत वाचून तुम्हाला वाटेल, वा, गरिबांच्या कष्टाचं सोनं झालं, छान! पण थांबा. गरिबाचं अन्न नेहमीच काही चविष्ट गोष्ट होत नाही. उत्तर इटलीत मक्याच्या पिठाचं एक जाड पिठल्यासारखं अन्न असतं, पोलेंता. मकाही अमेरिकेचाच. तो भरपूर पिकायचा. शेतकऱ्याने गहू जमीनदाराला द्यायचा आणि स्वतः मका खायचा, सकाळ-संध्याकाळ, वर्षभर. मग लोकांची कातडी सोलायला लागली, जुलाब व्हायला लागले, वेड लागायला लागलं, माणसं मरायला लागली. या रोगाला तिकडच्याच बोलीतून नाव मिळालं : पेलाग्रा, म्हणजे खरबरीत कातडी. १८८१ च्या सरकारी पाहणीत त्याचे लाखाच्या आसपास रुग्ण निघाले.

आणि आता इंजिनिअरला झोप लागू नये अशी गोष्ट. मेक्सिकोचे लोक हाच मका हजारो वर्षं खात होते, त्यांना हा त्रास नव्हता. कारण ते मका चुन्याच्या पाण्यात उकळून, भिजवून मग वाटत. त्यामुळे मक्यात अडकून बसलेलं नायासिन हे जीवनसत्त्व मोकळं होतं. युरोपने बी आणलं, प्रक्रिया आणली नाही. मशीन आलं, मॅन्युअल तिकडेच राहिलं! ज्यांना ते मॅन्युअल पाठ होतं त्या बायकांना विचारायला हवं, असं कुणाला वाटलंच नाही. नायासिनचा हा संबंध प्रयोगशाळेत सिद्ध व्हायला १९३७ उजाडलं. हे दुखणं आपल्यापासून फार लांब नव्हतं. दख्खनमध्ये केवळ ज्वारीवर दिवस काढणाऱ्या गरिबांतही पेलाग्रा होता, आणि हैदराबादच्या पोषण प्रयोगशाळेत डॉ. सी. गोपालन यांनी १९६० च्या सुमारास त्यावर संशोधन केलं.

हे वाचताना मला आमची आजी आठवली. बाहत्तरच्या दुष्काळात रेशनवर अमेरिकेची तांबडी मिलो ज्वारी आली होती. आजीने तिच्या भाकरी थापल्या, चार पोरं जगवली. ती भाकरी कशी करायची, पीठ चिकट नसताना थापायची कशी, असं विचारलं तर म्हणते, "त्ये काय सांगायचं व्हय? इसरायची गोष्ट हाय ती." पुरणपोळीचं विचारा, तासभर बोलेल. मिलोचं नाही.

आणि आमच्या विंगमधला एक मित्र. (नाव लिहायचं नाही या अटीवर परवानगी मिळाली आहे.) त्याच्या ट्रंकेत वाळवलेल्या बाजरीच्या भाकरी असतात, जवसाची चटणी असते, आईने फडक्यात बांधून दिलेली. वर्गणीचा पिझ्झा येतो त्या रात्री त्याचं पोट 'बिघडलेलं' असतं किंवा तो 'बाहेर खाऊन आलेला' असतो. मग दार लावून तो भाकरी कुस्करून खातो. वर्गणी परवडत नाही हे एक. पण भाकरी खाताना कुणी बघू नये, हे त्याला जास्त वाटतं. माझ्या मते खरा प्रश्न हा आहे. इटलीच्या गरिबांनाही असंच वाटत असणार. मग त्यांच्या अन्नाची लाज जाऊन मान कसा आला?

त्याचं एक उत्तर मला पेलेग्रीनो आर्तुसी नावाच्या म्हाताऱ्यापाशी सापडलं. इटली एक देश झाला १८६१ मध्ये. तोपर्यंत तुकडे तुकडे, आणि एकाची बोली दुसऱ्याला कळत नाही अशी अवस्था. आर्तुसी हा रेशमाचा व्यापारी, फ्लॉरेन्समध्ये राहणारा, अविवाहित, खाण्याचा शौकीन. १८९१ मध्ये, वयाच्या एकाहत्तराव्या वर्षी, त्याने स्वयंपाकाचं पुस्तक लिहिलं. एकही प्रकाशक तयार होईना, तेव्हा पदरच्या पैशाने हजार प्रती छापल्या. मग बायका त्याला पत्रं लिहू लागल्या : आमच्याकडे हे असं करतात, तुमचं मीठ चुकलंय, हा पदार्थ राहिलाच की! तो कृती करून बघायचा आणि पुढच्या आवृत्तीत घालायचा. सुरुवातीच्या ४७५ कृतींच्या शेवटी ७९० झाल्या. आपल्याकडे कमलाबाई ओगल्यांचं 'रुचिरा' जसं घराघरांत गेलं, तसंच हे गेलं. १९११ मध्ये तो वारला तेव्हा पुस्तकाचे हक्क त्याने आपल्या घरी रांधणाऱ्या मरिएत्ता आणि फ्रान्चेस्को या दोघांच्या नावे केले होते. पुस्तकात दोष आहेत. दक्षिण इटली त्यात जेमतेम आहे, आणि उपाशी शेतकऱ्याचं ताट शोधूनही सापडणार नाही. पण 'आमच्याकडे असं करतात' हे वाक्य छापण्याच्या लायकीचं आहे, हे त्याने देशाला दाखवलं.

दुसरं उत्तर देशाबाहेर आहे. १८८० ते १९१५ या काळात सुमारे १ कोटी ३० लाख माणसं इटली सोडून गेली, बहुतेक पोटासाठी. न्यूयॉर्कमध्ये सिसिलीचा आणि नेपल्सचा माणूस शेजारी राहू लागला. गावी ते एकमेकांना परकेच होते. इथे सगळे 'इटालियन'. गावी सणासुदीला दिसणारं मांस इथे परवडू लागलं, तेव्हा त्यांनी शेवयांवर मांसाचे मोठाले गोळे ठेवले. हे ताट गावाकडचं नव्हतं, गावी असताना पाहिलेल्या स्वप्नाचं होतं. आपले सीनिअर बंगळुरूला नोकरीला जाईपर्यंत कोल्हापूरचे किंवा जळगावचे असतात आणि तिथे पोचले की एकदम 'महाराष्ट्रीयन' होतात, तसंच काहीसं.

आणि 'खरं इटालियन'? कार्बोनारा पास्त्याची छापील कृती १९५२ मध्ये चक्क शिकागोत सापडते. इटलीतल्या मासिकात ती १९५४ मध्ये आली, तीही लसूण आणि स्विस चीज घालून. आज रोममध्ये तशी करून दाखवा, मार खाल! च्याबात्ता पाव १९८२ सालचा आहे. पार्मा विद्यापीठातले प्राध्यापक अल्बेर्तो ग्रांदी २०२३ मध्ये एका मुलाखतीत असं काहीबाही बोलले तर देशभर गदारोळ झाला. मला तो गदारोळही आवडला. माणसं ज्या गोष्टीवर इतकी तावातावाने भांडतात, तिची त्यांना लाज वाटत नसते. ती त्यांची झालेली असते.

म्हणून मला वाटतं, इटलीकडे वेगळं आहे ते एवढंच : त्यांनी घरचं अन्न लिहून काढलं, बरोबर नेलं, बदललं आणि त्यावर चारचौघांत भांडले. याला ना राजवाडा लागतो, ना हजार वर्षं.

तर मित्रहो, एक विनंती. मेसच्या काउंटरवर, सूचनापेटीशेजारी, एक दोनशे पानी वही दोरीने बांधून ठेवली आहे. (दोरी का, ते विचारू नका. आधीच्या पेनाचं काय झालं ते सर्वांना माहीत आहे.) आपल्या घरी जे शिजतं त्यातली एक कृती तिच्यात लिहायची. सणाचीच हवी असं नाही. महिनाअखेरीची, दुष्काळातली, चार दाण्यांत सहा माणसांची चालेल. उलट तीच जास्त हवी. रेक्टर सरांनी त्यांच्या आईची हुलग्याची शेंगोळी लिहिली आहे. मेसच्या अण्णांना लिहिता येत नाही, त्यांनी सांगितली आणि मी उतरवून घेतली. पहिल्या पानावर वाळवलेल्या बाजरीच्या भाकरीचा काला आहे. प्रमाण : भाकरी दोन, ताक असेल तेवढं, चटणी डोळ्यांत पाणी येईपर्यंत. खाली सही नाही, पण अक्षर आमच्या विंगमध्ये सगळे ओळखतात.