एलजीबीटीमधला ‘टी’

“डॉक्टर, गे आणि ट्रान्सजेंडर म्हणजे एकच ना?” असं मला दवाखान्यात बरेचदा विचारलं जातं. विचारणारे बहुधा काळजीत पडलेले आईवडील असतात.

एकच नाही. एल, जी, बी ही अक्षरं आकर्षण कोणाबद्दल वाटतं ते सांगतात. टी हे अक्षर माणूस स्वतःला स्त्री मानतो, पुरुष मानतो की यापैकी काहीच नाही, ते सांगतं. मग ही मंडळी एकत्र का? टोमणे आणि घरातून हाकलणं सगळ्यांच्याच वाट्याला आलं, म्हणून.

तरी वाटचाल सारखी नाही. जागतिक आरोग्य संघटनेने समलैंगिकता आजारांच्या यादीतून १९९० साली काढली. ट्रान्सजेंडर असणं मानसिक आजारांच्या प्रकरणातून बाहेर पडायला मात्र २०१९ मध्ये मंजूर झालेली नवी यादी यावी लागली. आपल्याकडे क्रम उलटा! सर्वोच्च न्यायालयाने तृतीयपंथी ओळख २०१४ मध्ये मान्य केली आणि कलम ३७७ मधून समलैंगिक संबंध वगळले २०१८ मध्ये. शिवाय हिजडा समाजातली गुरू-चेल्यांची घराणी किंवा यल्लमाचे साडी नेसणारे जोगते या इंग्रजी अक्षरांच्या कितीतरी आधीचे. त्यातल्या काहींना ही अक्षरं परकी वाटतात, आणि ते मला समजतं.

माझी खरी काळजी वेगळीच आहे. केसपेपरवरचं जुनं नाव सगळ्यांसमोर पुकारलं जाईल, या भीतीने हे पेशंट दवाखान्यात येतच नाहीत. मैत्रिणीने सांगितलं म्हणून काही ट्रान्स स्त्रिया मेडिकलमधून गर्भनिरोधक गोळ्या आणून दिवसाला कितीतरी घेतात. त्यातल्या इस्ट्रोजेनमुळे पायाच्या शिरेत रक्ताची गुठळी होऊ शकते, सिगारेट ओढत असाल तर धोका आणखी वाढतो. एक पाय सुजला, पोटरी दुखू लागली किंवा अचानक दम लागला, तर त्याच दिवशी हॉस्पिटल गाठा, आणि काय घेत होतात ते मोकळेपणाने सांगा. हार्मोन्स घ्यायचेच असतील तर ते तपासण्या करून, डॉक्टरांच्या देखरेखीखाली घेता येतात.

ट्रान्स पुरुषांनो, टेस्टोस्टेरॉन म्हणजे गर्भनिरोधक नव्हे. पाळी थांबली तरी दिवस राहू शकतात. गर्भाशय असेल तर गर्भाशयमुखाची तपासणीही हवीच. स्त्रीरोगतज्ज्ञांकडच्या बाकावर बसायला अवघडल्यासारखं होतं, हे माहीत आहे. आधी फोन करून शेवटची वेळ मागा. मी तरी देतो.